तीन नंबरच्या वर्गाची भिंत

कृतिकाने लाकडी हातोडीने भिंतीवर हलकेच ठोकलं, कान लावला आणि खडूने फुली मारली. तीन नंबरच्या वर्गातली उत्तरेची भिंत फुल्यांनी भरत चालली होती.

"ही जागाही पोकळ?" राजाभाऊ सरांनी विचारलं. पहिलीच्या बुटक्या बाकावर ते गुडघे वर करून बसले होते.

"बिल्कुल. तुम्ही बाहेर बसा ना यार, धूळ आहे. सॉरी, सर."

"यार चालेल. तिसरीत तर 'ओ, बघा ना' म्हणायचीस."

सरकारी कचेऱ्यांत नोकरीला आलेल्या मराठी कारकुनांनी नव्वद वर्षांपूर्वी दिल्लीत ही शाळा बांधली होती. चार वर्ग, कमानींचा व्हरांडा, लोखंडी तुळयांवर लाल दगडी लाद्यांचं छत. ती पाडायची की दुरुस्त करायची, हे संस्था कृतिकाच्या अहवालावरून ठरवणार होती. जुन्या इमारतींचं काम करणारी आपली विद्यार्थिनी गुरुग्रामला आहे, हे संस्थेला सरांनीच सांगितलं होतं. मोठ्या आशेने.

तिने गिलाव्याचा एक पोपडा उचकटला. मागची वीट ओल्या भुग्यासारखी तिच्या तळहातावर आली.

"कमानी ठणठणीत आहेत, पायाही. भिंतीच गेल्यात. मुळात चुन्याचा गिलावा होता, सर. ओल यायची आणि वाळून जायची. नंतर वरून सिमेंट थापलं. ओल आतच कोंडली."

"चारही वर्गांत?"

"चारही. आता वाचवणं अवघड आहे." तिने हात झटकले. "कुणीतरी अडाणी ठेकेदार असणार."

सर उठले. भिंतीजवळ जाऊन त्यांनी गुळगुळीत सिमेंटवरून हात फिरवला.

"जानेवारीत पोरं टेकून बसायची," ते म्हणाले. "भिंत बर्फासारखी. स्वेटरच्या पाठी पांढऱ्या व्हायच्या. बसस्टॉपवर पाठमोरं पोर दिसलं, तरी आपल्या शाळेचं म्हणून ओळखू यायचं. आया माझ्याशी भांडायच्या."

कृतिका हसली. मग हसू तसंच राहिलं.

"सत्त्याण्णवची उन्हाळी सुट्टी," सर म्हणाले. "मिस्त्री एकच होता. सिमेंटची घमेली मी आणि पालकांनी वाहिली. तुझे बाबाही होते."

बाहेर मेट्रो गेली. कृतिकाने हातोडी खाली ठेवली.

"तेव्हा कुणाला माहीत होतं, सर? मी अहवालात 'माहिती उपलब्ध नाही' लिहिते. चलतं तसं."

"उपलब्ध आहे की. समोर उभी आहे." ते परत बाकावर बसले. "अशा शाळा अजून असतील. एखादा मास्तर आजही पोरांसाठी सिमेंट आणत असेल. त्याला कळायला हवं. लिही."

तिने पेन्सिल काढली. सर सावकाश सांगत गेले, वर्गात शुद्धलेखन घालायचे तसे, प्रत्येक शब्दानंतर थांबून. वर्ष, भिंती, सिमेंट, स्वतःचं पूर्ण नाव. ते थांबले तरी तिची पेन्सिल चालूच होती.

"वाच."

"...यांनी चारही वर्गांना सिमेंटचा गिलावा करून घेतला. मुलांना थंडी वाजू नये म्हणून."

"शेवटचं मी सांगितलं नव्हतं. खोड ते."

"खोडरबर नाहीये, सर."

पेन्सिलीच्या टोकाला गुलाबी खोडरबर होतं. सरांनी ते पाहिलं. मग मान वळवून ते खिडकीबाहेर बघत राहिले.