चार ठोके

एकेकाळी रॉक बँडचा गायक म्हणून मैदानं दणाणून सोडणारा तो, आता नाटकाच्या तालमीत एका साध्या वाक्यापाशी अडायचा. दार ढकलून आत यायचं आणि म्हणायचं, "आई, मी आलो." पण दरवेळी तो दारातच गप्प उभा राहायचा.

"अहो, बोला ना! वाट बघून माझे डोळे शिणले," नाटकातली आई वैतागायची.

दिग्दर्शक मात्र खूश. "हा थांबतो तिथेच तर काळजाचं पाणी होतं! कुठे शिकलास रे हे?"

शिकतोय कसला, कपाळ! धाकटा भाऊ बँडमध्ये ड्रम वाजवायचा. त्याने काठीवर काठी चारदा आपटली, की मगच याचा आवाज फुटायचा. घरीही तो जेवणाच्या टेबलावर तेच करायचा आणि आई खेकसायची, "बंद कर ते टकटक!" मागच्या वर्षी भाऊ अपघातात गेला, गाणं सुटलं, पण कान अजून त्या ठोक्यांची वाट बघत होते.

पहिल्या प्रयोगाला तो दारात उभा राहिला तो राहिलाच. नाट्यगृह चिडीचूप. तेवढ्यात पहिल्या रांगेतून आवाज आला. त्याची स्वतःची आई चष्म्याची डबी खुर्चीच्या हातावर आपटत होती. एक, दोन, तीन, चार.

"आई," तो म्हणाला, "मी एकटाच आलो."