मगरींना सांगून ठेवणारा साहेब

"आला, आला! साहेबांनी हात वर केला नि गरुड आला!"

खिडक्यांना गोणपाट लावून आख्खं गाव शाळेच्या भिंतीवर सिनेमा बघत होतं. हॅडली साहेब म्हणजे वीस वर्षं टीव्हीवरचे प्राण्यांचे जाणकार. सिंहाशी बोलले, हत्तीपाशी रडले, अजगराची क्षमा मागून झाली. आता आमच्या केनियातल्या बारिंगो तळ्यावर डोळे मिटून गुणगुणले, आणि गरुड आभाळातून थेट त्यांच्या होडीपाशी उतरला.

मी इथली मास्तरीण. गंमत अशी की टाळ्या पिटणारे सगळे होडीवालेच. पाहुण्यांसाठी गरुडाला मासा फेकणं हा त्यांचाच धंदा. माशाच्या पोटात पाणगवताची कांडी खुपसली की तो तरंगतो. याही वेळी मासा त्यांनीच फेकला होता, पण भिंतीवर तो दिसलाच नाही!

"आपला मासा फुकटच गेला म्हणायचा," होडीवाले लेकिसात काका गहिवरले. "पक्षी साहेबांच्या शब्दावर आला."

पुढच्या बाकावर बसलेले साहेब उठले. "पक्ष्याचं मन, मगरीचं मन, तार एकच. मगरींना मी सांगून ठेवलंय. आता पोरं पाण्यात उतरू देत, चित्रण करू."

तळं आमचं देखणं, पण त्याच्या पोटात दात आहेत. पहिली निवड झाली सात वर्षांच्या सितेयाची. तिची आई नासिएकू, मासे साफ करणारी, पुढे आली.

"साहेब, आधी गरुड बोलवा. माशावाचून."

"अगं, पाहुण्याची परीक्षा घेतेस?" काका खेकसले.

"पोर माझी आहे, काका. तुमची होडी नव्हे."

सगळे काठावर आले. साहेब गुणगुणले. बाभळीवरच्या गरुडानं पंख खाजवला. साहेब आणखी मोठ्यानं गुणगुणले. गरुडानं पाठ फिरवली.

"इथं कुणाचा तरी विश्वास नाही. त्यानं तार तुटते!"

"तार कसली? घास नाही म्हणून येत नाही," म्हणत नासिएकूनं कांडी भरलेला मासा पाण्यावर भिरकावला. गरुड झेपावला, मासा घेऊन गेलाही.

"याला मासा टाकलात आणि सिनेमातून तेवढाच कापलात," ती म्हणाली. लेकीचं मनगट तिच्या मुठीत होतं. "मगरीला काय टाकणार?"

मग काकाच पाण्याशी उभी पोरं एकेक करून मागे ओढू लागले. साहेब म्हणाले, "दुसरं तळं बघू."

मायबापहो, भुकेला पक्षी घासाला येतो, भुकेली मगरही घासालाच येते. चमत्कार दाखवणाऱ्याला तोंडावर विचारा, यातून काय कापलंस? पोर पाण्यात उतरायच्या आधी विचारा.