नवशीबाईचं अर्धं गाणं

या हो, असे जवळ सरका. बुवा यायचेत, मृदंग अजून सुरात लागतोय. तोवर आमच्या डहाणूच्या जतीन सावेची गोष्ट सांगतो. माणूस पडद्यावरचा आहे, पण गोष्ट देवळात बसून ऐकण्याजोगी.

जतीन आमच्या शेजारच्या चिकूवाडीतला. आधी नाटकात भालदार, मग सिनेमात नायकाचा मित्र, मग नायक. गुजराती सिनेमात खलनायकही झाला. दुसऱ्यांच्या हुकमाला कंटाळला तेव्हा स्वतःच निर्माता आणि दिग्दर्शक झाला. त्या पहिल्या सिनेमात नवरदेवही तोच. लग्नाचा प्रसंग अस्सल हवा म्हणून तलासरीच्या डोंगराकडच्या एका वारली पाड्यावर गेला.

तिथे लग्न लावते ती धवलेरी. ती गाते, तशी तांदळाच्या पिठाने काढलेल्या चौकात देवी येते. गाणं पुरं झाल्यावरच तिला निरोप. मध्ये थांबायचं नाही. नवशीबाई त्या भागातली नावाजलेली धवलेरी.

तिने विचारलं, "लगीन कोणाचं हाय?"

"सिनेमातलं, मावशी."

"मंग नाय गायची. देवीला खोटं बोलवायचं नाय."

जतीन पडला नट. हिरॉइनचा हात धरून म्हणाला, "बरं, खरं सांगतो. आम्ही खरंच लग्न करतोय. शूटिंग आठवणीसाठी."

"मंग नवरीला हळद कुठं हाय? तुमच्याकडं कोरड्याच नवऱ्या मिळतात काय?"

सगळे हसले. हळद आली, नवशीबाई गायला बसली. काय तो आवाज! लाइट धरणारेसुद्धा काम विसरले. गाणं अर्ध्यावर आलं आणि सूर्यावर ढग आला. पाटावर बसलेला नवरदेव ओरडला, "कट! उजेड गेला. परत पहिल्यापासून!"

नवरीने मुंडावळ्या काढल्या आणि खुर्चीत जाऊन मोबाईल पाहू लागली. नवशीबाई काय समजायचं ते समजली. गाणं तसंच टाकून उठून गेली.

सिनेमा चालला. ते अर्धं गाणं लोकांनी डोक्यावर घेतलं. पाड्यावर मात्र बोलणं झालं, नवशीने सिनेमासाठी देवी फसवली. तिला लग्न लावायला बोलावणं बंद झालं.

पुढे काही वर्षांनी नव्या सिनेमासाठी जागा बघायला गेल्यावर जतीनला हे कळलं. तिला तोंड न दाखवताच तो परतला. त्यानंतर एकदा आमच्या देवळात कीर्तन होतं. गजर मध्यावर असताना वीज गेली, माईक बंद पडला, तरी बुवा थांबले नाहीत. जतीन माझ्या शेजारी ढसाढसा रडायला लागला.

"काका, मी तिच्याशी खोटं बोललो."

"मला सांगून काय होणार, बाबा? ज्यांनी तिला नावं ठेवली त्यांना सांग."

नवशीबाईच्या भाचीच्या मुलीचं, रोशनीचं, लग्न होतं. मीही त्याच्याबरोबर गेलो. भर मांडवात जतीन हात जोडून उभा राहिला. "देवीला फसवलं ते मी. मावशीने खरं लग्न समजून गायलं होतं. मी तिला खोटं सांगितलं."

पाड्यावरचा झिपरू म्हातारा खवळला. "हा नाटक्या हाय! आताबी नाटक कशावरून नाय?"

जतीन खाली बघत म्हणाला, "बरोबर आहे, बाबा. माझ्यावर विश्वास नका ठेवू. तिच्यावर ठेवा."

मग रोशनीच्या आईनेच जाऊन नवशीबाईला कोपऱ्यातून हाताला धरून चौकापाशी बसवलं. तिने पदर सावरला, तोंड उघडलं. एक ओळ निघाली आणि गळा बसला. पुन्हा प्रयत्न केला. नुसती हवा. इतकी वर्षं न गायलेला गळा तो. शेवटी तरुण धवलेरी कमळीने तिच्या शेजारी बसून गाणं उचललं आणि शेवटास नेलं. नवशीबाई नुसते ओठ हलवत राहिली.

जतीन तिच्या पाया पडला. ती त्याच्या डोक्यावर हात ठेवून म्हणाली, "खरं बोललास, बरं झालं. पन पोरा, माझा गळा तुझ्या सिनेमातच रायला."

त्यानंतर जतीनने कॅमेऱ्यासमोर पाऊल ठेवलेलं नाही. लोक म्हणतात, दमला असेल. मला ठाऊक आहे ते मी सांगितलं.

तो सिनेमा टीव्हीवर अजून लागतो. गाणं सुरू झालं की घरोघरी म्हणतात, जतीन सावेचं गाणं. तुम्ही तेवढं माझं ऐका. तो आवाज कानी पडला की क्षणभर हात जोडा आणि नवशीबाईचं नाव घ्या.