सोंग उतरवायचं पाणी

हे कोणाले खरं वाटणार नाही, पण चहा होईपर्यंत ऐकून घ्या.

वरवट बकालच्या बसस्टँडामागे निजामचं पंक्चरचं दुकान आहे. दुकानाला लागून त्याच्या बायकोची, इमामबीची, चहाची टपरी आणि दोन्हींच्या मधोमध हे बाकडं. या बाकड्यावर वाढलेला एक पोरगा टीव्हीवर गेला, अख्ख्या महाराष्ट्राला हसवून आला आणि आज त्याला कोणी नुसतं ‘जरा नक्कल करून दाखव’ म्हटलं, तर तो उठून घरात जातो, आतून कडी लावतो. संघपाल त्याचं नाव. दयाराम आणि बेबीताईचा एकुलता एक.

पुण्यात शिकायला गेला तेव्हा त्याच्या ‘मले-तुले’ला पोरं हसायची. आधी त्याला लाज वाटली. मग लक्षात आलं, विनोद सांगून व्हायच्या आधीच हे लोक हसतात, म्हणजे अर्धं काम फुकटात होतं आहे. कॉलेजच्या एकांकिका झाल्या, मुंबईत दोन वर्षं मालिकांमध्ये हवालदार आणि वेटर झाला आणि एक दिवस ‘गरम फुटाणे’ नावाच्या विनोदी कार्यक्रमात त्याची निवड झाली.

लिहून दिलेल्या प्रवेशांत तो बेताचाच होता. त्याची खरी करामत शेवटच्या फेरीत. प्रेक्षक चिठ्ठ्यांवर एकेक शब्द लिहून मडक्यात टाकत. सूत्रसंचालक एक चिठ्ठी काढून वाचायचा आणि त्या क्षणापासून तीन मिनिटं, काहीही न ठरवता, नटाने लोकांना हसवायचं. बाकीचे नट चलाख. खिशात एक दारुडा, एक खाष्ट सासू तयार ठेवायचे आणि शब्द कोणताही येवो, तेच बाहेर काढायचे. संघपालच्या खिशात काही नसायचं. तो डोकं रिकामं करायचा, घर झाडून दार उघडं टाकावं तसं, आणि वरवटचं कोणीतरी आपल्या पायांनी आत यायचं. मग बोलायचं ते तेच माणूस. संघपाल फक्त उभा.

आता इथे एक गोष्ट सांगितली पाहिजे. दयाराम तरुणपणी गावच्या जलशात सोंगाड्या होता आणि त्याच्या वस्तादाने त्याला एक नेम घालून दिला होता. जिवंत माणसाची नक्कल केली, की दुसऱ्या दिवशी सकाळी त्याच्या घरी जायचं आणि त्याच्या हातचं पाणी प्यायचं. तो शिव्या देईल, हसेल, पण पाणी देईल. पाणी प्यालं की सोंग उतरलं. संघपालने लहानपणी विचारलं होतं, नाही प्यालं तर काय होतं?

“सोंग तुह्याजवळच राह्यते,” दयाराम म्हणाला होता, “अन् त्याच्याजवळ काही उरत नाही.”

पण दयारामचं कोणी किती मनावर घ्यायचं? खामगावहून एसटीने, अर्धं तिकीट काढून, मगर आणल्याची हकीकत तो शपथेवर सांगायचा. आणि एका ग्लास पाण्यासाठी मुंबईहून वरवटला येतं कोण? संघपाल आला नाही.

पहिला गेला निजाम. म्हणजे निजामची शिंक गेली. निजाम एका दमात सात वेळा शिंकायचा. सहावी झाली की बोट वर करून थांबायचा, आणि सातवी येईपर्यंत कंडक्टर घंटी मारत नसे. टीव्हीवर ‘लग्न’ शब्द निघाला आणि संघपालने सात फेऱ्यांत सात शिंका घातल्या. लोक खुर्च्यांवरून खाली आले. त्या आठवड्यापासून निजाम शिंकला नाही. तपकीर झाली, मिरच्या जाळून झाल्या, अख्खं स्टँड खोकून बेजार झालं. हा बोट वर करून उभा, आणि पुढे काहीच नाही. बेबीताईने फोनवर हे सांगितलं तेव्हा संघपालने ते कॅन्टीनमध्ये सगळ्यांना हसत हसत ऐकवलं. निजाम आज नेमका टायर आणायला खामगावला गेला आहे, नाहीतर समोरच विचारून घेतलं असतं.

दुसरी पुष्पाबाई, अंगणवाडी सेविका. तिचं हसणं म्हणजे विहिरीवरची मोटर. आधी आवाज नाही, नुसते खांदे हलायचे, तोंड लाल व्हायचं, आणि मग एकाएकी भरल्या पाइपाने धो-धो. ते हसणं संघपालने ‘बँक’ या शब्दावर वापरलं. त्याचे तुकडे मोबाईलवर घरोघर फिरले. वीस दिवसांनी तिचा फोन आला. तेव्हा तो मेकअपच्या खुर्चीत होता.

“काल नातवानं पातेलं डोक्यात अडकवून घेतलं,” ती म्हणाली. आवाज बोर्डावरचा मजकूर वाचावा तसा सपाट. “सगळे हसले. मले समजलं का हे हसाचं हाये. पण वर काही आलंच नाही, बाप्पा.” मग तिने हळूच विचारलं, “तुह्याजवळ हाये का रे ते?”

संघपालने फोन खाली ठेवला. समोरच्या आरशात त्याचे खांदे हलायला लागले होते. तो हलवत नव्हता. तोंड लाल झालं आणि मग ते आलं, भरल्या पाइपाने, पुष्पाबाईचं. मेकअपवाली पोरगी आधी हसली, मग थांबली, मग दोन पावलं मागे सरली. त्याने स्वतःच्या मनगटाला कडकडून चावा घेतला तेव्हा कुठे ते बंद झालं.

सांगायचं कोणाला? दर रविवारी विहारात जाणारं घर. लिंबू-मिरची बांधायला आलेल्या बुवाला बेबीताईने झाडूने पिटाळलं होतं. भूत असतं तर ते नसतंच म्हणून हिणवता तरी आलं असतं. याला तर नावच नव्हतं. आणि पाणी मागायला पुष्पाबाईच्या दारात जायचं, तर तोंड कुठे होतं?

मग त्याने एक युक्ती काढली. मेलेली माणसं घ्यायची. त्यांचं काय जाणार? तो दर रविवारी आईला फोन करून गावात कोण कोण वारलं ते विचारू लागला. बेबीताईला वाटलं, मुंबईत राहून पोराला गावाची माया आली. चार मेलेल्या माणसांवर त्याने दोन महिने काढले. पण मेलेली माणसं ती; त्यांचं नवीन काही होत नाही. दिग्दर्शकाने त्याला बाजूला घेऊन सांगितलं, की तू तेच तेच करतोयस, अंतिम फेरीत असं चालणार नाही. संघपालने मान डोलावली. त्याला एकाच माणसाची भीती होती. त्या माणसाला त्याने मंचावर आजवर एकदाही दारापाशी येऊ दिलं नव्हतं. संग्रामपूर तालुक्यात ज्याच्याइतकं कोणी बोलत नाही आणि ज्याच्या अंगातून बोलणं काढलं तर मागे फक्त सदरा आणि टोपी उरेल, तो त्याचा बाप.

अंतिम फेरी रविवारी संध्याकाळी होती, थेट प्रक्षेपण. इथे या बाकड्यासमोर टीव्ही आणून ठेवला होता आणि दयाराम मधोमध बसून, कार्यक्रमाकडे न बघता, शेजाऱ्यांना मगर ऐकवत होता. तिकडे मुंबईत मडक्यात हात गेला, चिठ्ठी निघाली.

“बाप,” सूत्रसंचालक म्हणाला.

संघपालने डोकं रिकामं केलं नाही. आयुष्यात पहिल्यांदा त्याने दार आतून लावून धरलं. मेलेले बाप आठवायला लागला. कोणाचा तरी, कोणाचाही. एक सेकंद, दोन सेकंद. दिवे तोंडावर, समोर तीनशे माणसं, त्यांच्यामागे घराघरांतली लाखो. त्याच्या पाठीवरून घामाचा ओघळ कमरेपर्यंत गेला तो त्याला मोजता आला असता. पाच. सहा. लोक चुळबुळले. आणि दाराबाहेर कोणीतरी खाकरलं. ते खाकरणं तो जन्मापासून ओळखत होता. त्याने खांदा लावला, पाय रोवले. नको, आबा, नको. अकराव्या सेकंदाला त्याचं तोंड आपसूक उघडलं.

“हे कोणाले खरं वाटणार नाही, पण चहा होईपर्यंत ऐकून घ्या.”

पुढची तीन मिनिटं त्याने मगर सांगितली. तसला हशा, तसल्या टाळ्या त्या मंचाने कधी ऐकल्या नव्हत्या. त्याला पहिला क्रमांक मिळाला, वरून चमकीचे कागद पडले, आणि तो हातात चषक घेऊन, ओठ निळे पडलेला, कोणाचा तरी फोन मागत फिरत होता.

फोन बेबीताईने उचलला. तिने सांगितलं, की हे मघापासून गप्पच आहेत. मगर एसटीत चढली, अर्ध्या तिकिटापर्यंत आले आणि एकदम थांबले. दिवे गेल्यासारखे. तिने फोन नवऱ्याच्या कानाला लावला. संघपालला श्वास ऐकू आला, लांब, खरखरीत. तो “आबा” म्हणाला, परत म्हणाला. त्याच्या बापाने आजवर त्याला एक वाक्य सरळ पुरं करू दिलं नव्हतं. आज तो बोलत होता आणि कोणी मधे तोंड घालत नव्हतं.

सकाळी गाडीतून शेगावला उतरला, काळीपिवळी जीपमध्ये मागच्या बाजूला कोंबून बसला. अर्ध्या वाटेत समोरच्या माणसाने मोबाईल काढला, आणि त्यातून दयारामचा आवाज मगर सांगू लागला. सगळी गाडी हसायला लागली. कोणीतरी ‘पुन्हा लाव बे’ म्हणालं. त्याने पुन्हा लावलं. संघपालने रुमालात तोंड खुपसलं आणि वरवट येईपर्यंत वर काढलं नाही.

दयाराम ओट्यावर बसला होता. पोराला बघून त्याने हात वर केला, तोंड उघडलं, मिटलं. संघपालने चप्पलही काढली नाही.

“आबा, पाणी द्या,” तो म्हणाला. “तुमच्या हातानं.”

दयाराम उठला. माठातून ग्लास भरला, पोराच्या हातात दिला. संघपालने ओठांपासून ग्लास न हटवता तो रिकामा केला आणि बापाच्या तोंडाकडे बघत राहिला. दयारामचा गळा हलला.

“हे कोणाले...” एवढं आलं. बेबीताईच्या डोळ्यांत पाणी आलं. तेवढ्यात शेजारच्या घरात कोणीतरी मोबाईलवर मगर लावली, आणि दयारामचं तोंड उघडं ते उघडंच राहिलं. आवाज शेजारच्या भिंतीआडून येत होता.

तेव्हा संघपालला सगळं कळलं. वस्तादाचा नेम जलशाच्या काळातला. एक सोंग, एक ग्लास. हे सोंग आता महाराष्ट्रभर रोज हजार वेळा होत होतं, आणि प्रत्येक वेळेचं पाणी वेगळं. त्याने मुंबईची कामं सोडली. पहाटे उठून बापाच्या हातचं पाणी पितो, दुपारी पितो, पोट नगाऱ्यासारखं होईपर्यंत पितो. तिकडे कोणी अमरावतीत, कोणी नाशकात अंगठा दाबतं, की इथे सगळं पाणी वाया. निजामची शिंक गेली, पुष्पाबाईचं हसू गेलं, ते एक वेळ सोसलं. पण त्या दिवसापासून आजपर्यंत, तीन वर्षं होत आली, दयारामच्या तोंडून एक अक्षर फुटलेलं नाही. आणि आता फुटेल असं कोणाला वाटतही नाही.

चहा गाळून इमामबी ग्लास घेऊन आली होती. तिने तो पुढे केला, पण हातातून सोडला नाही.

“काऊन हो दयारामभाऊ,” ती म्हणाली, “मंग हे एवढा वेळ कोण बोलून राह्यलं?”