हातकणंगल्याच्या पुढं आलोय

फोनवर खोटं बोलण्यात आम्हा कोल्हापूरकरांचा हात कुणी धरणार नाही. अंगावर टॉवेल असतो आणि आम्ही म्हणतो, "निघालोय, पाचच मिनिटं." पलीकडच्यालाही ते ठाऊक असतं, म्हणून तो अर्धा तास धरूनच चालतो. यात कुणाचं काही बिघडत नाही. माझ्या हातून बिघडलं.

मी ज्युनिअर कॉलेजात खेळाचा शिक्षक. मुलींचा फुटबॉल संघ मीच उभा केला. पहिल्या वर्षी पहिल्याच मॅचला सहा गोल खाऊन घरी आलो, तेव्हा तालमीच्या फुटबॉल संघातले माझे जुने सोबती म्हणाले, "आकाराम, पोरींस्नी लेझीम शिकीव." ते माझ्या मनाला लागलं. यंदा त्याच पोरींनी विभागीय स्पर्धेची फायनल गाठली, आणि सबंध स्पर्धेत एकच गोल खाल्ला. कारण गोलमध्ये नाजिया होती.

नाजिया कबनूरची. तिचे वडील गौसभाई यंत्रमागावर रात्रपाळी करायचे आणि सुटले की तसेच, केसांत कापूस घेऊन, पोरीला सहाच्या एसटीला सोडायला यायचे. एकदाच ते सराव बघायला आले. तासभर गोलच्या मागं उभे राहिले. जाताना म्हणाले, "लय पडती की वो, सर. पर उठती बी." एवढं बोलताना त्यांचा चेहरा असा फुलला होता, की मला त्या माणसाचा हेवा वाटला.

फायनल कोल्हापुरातच, साडेअकराला होती. सव्वाअकराला नाजियाच्या भावाचा, झिशानचा फोन आला. गौसभाई रात्रपाळीची झोप काढून उठले, चहाचा कप हातात घेतला आणि कोसळले. दवाखान्यात पोचायच्या आधीच सगळं संपलं होतं.

"दीडच्या नमाजनंतर उचलायचंय, सर. तिला लगीच घेऊन या."

"निघालोच," मी म्हणालो.

आणि मी निघालो नाही.

तेव्हा डोक्यात काय होतं ते सांगतो, त्यानं माझा गुन्हा कमी होत नाही. कबनूर हातकणंगल्यावरून तासाभराचा रस्ता. मॅच पाऊणला संपेल, पावणेदोनला पोचू. थांबतील की. आमच्यात लेक आल्याशिवाय माणूस उचलत नाहीत. माझ्या वडिलांना, राधानगरीहून बहीण येईपर्यंत, सकाळपासून दिवस मावळेपर्यंत ठेवलं होतं. सगळ्यांच्यात तसंच असणार असं मी धरून चाललो. विचारलं नाही. बाकावर हुपरीची अनुजा बसली होती, आमची दुसरी गोलकीपर. तिला उतरवता आलं असतं. मी तिच्याकडं पाहिलंसुद्धा नाही. खरं सांगायचं तर मला तो कप हवा होता. तालमीकडून खेळताना मी दोन फायनल हरलोय.

हाफटाइमला पुन्हा झिशान. "कुठं आलाय, सर?"

"हातकणंगल्याच्या पुढं आलोय."

समोर नाजिया संत्र्याची फोड चोखत होती. "घरचा फोन हाय का, सर?"

"न्हाय," मी म्हणालो, फोनचा आवाज बंद केला आणि तो बॅगेत टाकला.

बरोबरी सुटली नाही. टायब्रेकर झाला. नाजियानं दोन किक अडवल्या आणि आम्ही जिंकलो. माझ्या तालमीतल्या सोबत्यांनीच गुलालाची पोती फोडली. नाजिया केसांपासून बुटांपर्यंत लाल झाली. "अब्बास्नी फोन लावा की, सर!" ती ओरडत होती. मी बॅगेतून फोन काढला. अकरा मिस्ड कॉल होते.

गाडीत मी तिला म्हणालो, "अब्बांना जरा बरं न्हाय." तेवढ्यावरून ती काय ते समजली असावी.  रस्ताभर जर्सीच्या बाहीनं तोंडावरचा गुलाल पुसत राहिली आणि घामात तो आणखीच पसरत गेला.

अडीचला पोचलो. पुरुष मंडळी कब्रस्तानातून परतत होती. तिच्या आईनं, बिबीजाननं, गुलालानं माखलेली लेक दारात बघितली आणि हंबरडा फोडला. झिशान माझ्यासमोर येऊन उभा राहिला. त्याच्या हातांना माती होती. त्यानं आवाज चढवला असता तर मला सोपं गेलं असतं.

"दोन वाजेपर्यंत थांबलो, सर. हातकणंगल्याच्या पुढं आलाय म्हणालासा, म्हणून मी लोकांस्नी धरून ठेवलं. हिला बघता यावं म्हणून अब्बांच्या तोंडावर कफन न्हाय ओढलं. मग मोठी माणसं म्हणाली, आता न्हाय थांबता येत."

नाजिया माझ्याकडं वळली.

"फोन कवा आलता, सर?"

सवयीनं जिभेवर खोटं आलं. मी ते गिळलं. "सव्वाअकराला."

"मॅचच्या आधी?"

"व्हय."

ती रडली नाही. दारातच उभी होती, कारण त्या अवतारात घरात पाऊल कसं टाकायचं ते तिला समजत नव्हतं. मी मान खाली घातली. एवढ्या मुलींना शिकवलं, पण त्या क्षणी तिच्यापुढं उभं राहायची माझी लायकी नव्हती.

"मला इचारायचं तरी, सर," ती म्हणाली. "कुणास ठाऊक, मी खेळलेबी असते. पर अब्बा माझे हुते, तुमचे न्हवं."