पनू म्हणजे

पायाच्या अंगठ्यात पाळण्याची दोरी अडकवून प्रणिताने फोनवर आलेले गाणे लावले. पहिल्या दोन सुरांतच दोरी थांबली.

अंगाई तिच्या आईची होती, आवाज तेजश्रीचा. बीडच्या वसतिगृहात दोघी एका खोलीत राहायच्या. प्रणिता वेणी घालताना ती गुणगुणायची, तेजश्रीने ऐकून ऐकून उचलली. संगीताच्या परीक्षेत पहिली आली होती प्रणिता. पण गाणे शिकायला पुण्याला गेली तेजश्री, आणि आता मोरिता नावाच्या जपानी संगीतकाराने ही अंगाई आपल्या सिनेमाच्या शेवटी घेतली होती. चाळीस वर्षे सिनेमांना संगीत देणाऱ्या त्या म्हाताऱ्याचे हे अखेरचे काम.

तेजश्रीचा आवाज विरला आणि तिकडच्या साठेक माणसांनी मिळून एकच शब्द धरला.

“पनूऽऽ... पनूऽऽ...”

सुपातली ज्वारी निवडणाऱ्या तिच्या आईने, गंगासागरबाईंनी, मान वर केली. “कोन हाका मारायलंय गं तुला?”

“जपानी लोक हायत, आई.”

“त्यांची कोन लागतीस तू? कावून बोलवायलेत?”

प्रणिता हसली नाही. गाण्याखाली तेजश्रीचा निरोप होता. ‘सरांना तो शब्द लई आवडला. शेवटी नावं येतात तिथं अर्थ लिहिणारेत. पनू म्हणजे झोपच ना गं? मी तसंच सांगितलंय.’

पनू ही प्रणिताची घरातली हाक तेजश्रीला कधी कळलीच नव्हती. प्रणिताने ‘माझं नाव आहे ते’ असे लिहिले. खोडले. तेजश्रीचा फोटो मोठा करून पाहिला: कानांवर हेडफोन, मिटलेले डोळे. मग स्वतःच्या गाऊनवर वाळलेले दूध ती नखाने खरवडत राहिली.

“आई, अंगाईत माझं नाव तूच घातलंस ना?”

“मग? माजी माय माजं घ्यायची. ज्येचं लेकरू, त्येचं नाव.”

प्रणिताने लिहिले, ‘झोप नव्हे. तिथं आपापल्या लेकराचं नाव घालतात.’

लगेच उत्तर आले. ‘अगं बाई! मग ही पनू कोणाची?’

तिने फोन गादीवर पालथा टाकला. पाळण्यात आरोही कुरकुरली. दोरी पुन्हा हलू लागली, अंगाई सुरू झाली. तीन महिने ज्या जागी ती ‘आरोही’ म्हणत आली, तिथे आज ‘पनू’ आले.

सुपावरचा हात थांबला. “अगं, लेकराचं नाव घे की.”

“घेते,” प्रणिता म्हणाली.

पुढच्या ओळीलाही ती पनूच म्हणाली. गादीवर फोन थरथरत होता.