डीपीचा सूर

“थांबा, थांबा. बबे, तुझी तार उतरलीय.”

हरिओमने गाणं अर्ध्यात तोडलं, पुढे होऊन बबिताच्या बेस गिटारची खुंटी स्वतःच पिळली आणि तार छेडून पाहिली. पुण्याच्या बाईंसमोर हे करावं लागलं म्हणून त्याचे कान तापले होते. नऊ वर्षांत पहिल्यांदा कुणी गाणं घ्यायला चुडाव्यापर्यंत आलं, आणि नेमकी आजच हिची तार उतरावी! बबिताने मान खाली घातली.

“आता बरोबर हाय,” तो म्हणाला. “घ्या ताई, पुन्ना एकदा.”

राजेश्रीताईंनी घड्याळ पाहिलं. त्यांच्या कंपनीला गावोगावच्या बँडचा एक अल्बम काढायचा होता. बारा गाणी, त्यातलं एक या तिघांचं. पियानो आणि व्हायोलिन पुण्यात आधीच वाजवून घेतले होते. ते कानात ऐकत तिघांनी वाजवायचं आणि हरिओमने गायचं, काम एवढंच. चारच्या गाडीने बाई परत निघणार होत्या. सकाळपासून अकरा वेळा वाजवून झालं होतं, आणि अकराही वेळा गाणं आणि पियानो सवतीसारखे एकमेकांकडे पाठ करून उभे राहिले होते.

बँडचं नाव ‘जळकी डीपी’. विजेच्या रोहित्राला इकडे डीपी म्हणतात. ती जळाली की पंधरा-पंधरा दिवस शेतातल्या मोटारी मुक्या होतात आणि माणसं एकमेकांवर खेकसत फिरतात. नाव ठेवलं तेव्हा तिघंही पोट धरून हसले होते. खोली बबिताच्या वडिलांच्या, आबासाहेबांच्या शेतातली. पोरगी गिटार वाजवणारच असेल तर निदान डोळ्यांपुढे वाजवू दे, असं म्हणून त्यांनी पाइप आणि खताची पोती हलवून ती रिकामी करून दिली होती. खोलीमागे चार हातांवर डीपी उभी होती.

हे गाणं गेलं नाही तर बँड संपला, हे तिघांनीही तोंडाने न बोलता ठरवून टाकलं होतं. ड्रम वाजवणारा अंगद पुढच्या आठवड्यात भावांबरोबर मेंढरं घेऊन येलदरीकडे जाणार होता. आजचा दिवस त्याने भांडून मिळवला होता. बबिताला संभाजीनगरच्या कॉम्प्युटर क्लासमध्ये नोकरी लागली होती. हरिओमकडे मात्र दुसरं काहीच नव्हतं. तेहेतिसावं चालू होतं. पूर्णेच्या शाळेतली नोकरी त्याने गाण्यापायी सोडली होती, आणि गावात त्याची ओळख ‘ते गिटारवालं’ अशी झाली होती. हे ‘ते’ त्याला फार झोंबायचं.

बारावी वेळही फुकट गेली.

“एक मिनिट,” राजेश्रीताई म्हणाल्या. “तुमची मोकळी तार वाजवा.”

त्याने वाजवली. त्यांनी लॅपटॉपवरचा सूर दाखवणारा काटा पाहिला, मग अजून एक तार, मग अजून एक.

“तुम्ही सूर कशावरून लावता?”

“कशावरून म्हंजी? कानानं.”

“हो, पण आधी कुठून घेता?”

हरिओमने मागच्या भिंतीकडे बोट केलं. “तिच्यावरून. लाइट असली की डीपी घुमत असती बघा. तोच आमचा सा.”

खोलीत सगळे गप्प झाले आणि भिंतीपलीकडचा तो जाडसर, न थकणारा हुंकार ऐकू येऊ लागला. राजेश्रीताईंनी तो माइकवर घेतला, काट्याकडे पाहिलं आणि हळू आवाजात म्हणाल्या,

“हा वर आहे. थोडासाच, पण वर. जगातल्या कुठल्याही पियानोशी, पेटीशी हा जुळायचा नाही. मघाशी बबिताची तार बरोबर होती.”

हरिओम हसला. हसण्यासारखं काही नव्हतं, तरी हसला. नांदेडच्या स्पर्धेत पेटीवाल्याने मध्येच हात काढून घेतले होते, ते त्याला आठवलं. परभणीत एका रेकॉर्डिंगवाल्याने ‘बेसूर आहे’ म्हणून पेनड्राइव्ह परत दिला होता. दर वेळी परतीच्या गाडीत त्याने बबिताला आणि अंगदला सांगितलं होतं की त्यांना आपली भाषा कळत नाही, त्यांना मराठवाड्याचं वावडं आहे. अंगदने तर ते गावभर सांगितलं होतं, अगदी तावातावाने.

“बबे, तुला म्हाईत होतं?”

“मोबाइलमधी सूर मापायचं ॲप हाय,” बबिता म्हणाली. “सहा वर्सं झाली.”

“मग सांगितलं का न्हाईस?”

“सांगितलं होतं, हरीदादा. नांदेडहून आलो त्याच दिवशी. तू म्हनलास, मोबाइलला काय कळतंय. मग म्हैनाभर माझ्याशी बोलला न्हाईस.”

“आन तरी तशीच लावत राहिलीस?”

“तुझ्यासंगं जुळायला पायजे होतं ना. आज म्हनलं, आज तरी बरोबर लावावी.”

अंगद ड्रमच्या काठीचं टोक नखाने खरवडत बसला. ढोलाला सूर नसतो, म्हणून या पापात त्याचा वाटा नव्हता. पण चेहरा असा केला होता की जणू सगळं त्यानेच केलं.

मग हरिओमने गिटार पियानोच्या सुरावर लावून घेतली. ते पाच मिनिटांचं काम. दोन्ही गिटारी ताईंनी लगेच घेऊनही टाकल्या. गळ्याला खुंटी कुठली असायला? कानात पियानो चालू असायचा, पहिल्या दोन ओळी तो मुठी आवळून नीट गायचा, आणि तिसऱ्या ओळीला आवाज आपल्या पायाने भिंतीपलीकडे निघून जायचा. चार वेळा गायला. पाचव्या वेळी घशातून हवाच आली.

“मशीनवर खाली वढता येत न्हाई का, ताई?” त्याने विचारलं. असं विचारायची वेळ यावी याची लाज वाटली, तरी विचारलं.

“तेच करून पाहिलं आत्ता. ऐका.”

त्याने ऐकलं. सूर पियानोला चिकटला होता, पण गाणारा माणूस भलताच कुणीतरी होता, सर्दी झालेला आणि भ्यालेला. हरिओमने कानावरचं काढून टेबलावर ठेवलं.

तीन वाजून पाच मिनिटं झाली होती.

राजेश्रीताईंनी हरिओमकडे न पाहता विचारलं, “बबिता, तुला गाणं पाठ आहे?”

बबिता हरिओमकडे बघायला लागली. अंगद म्हणाला, “हऱ्या, तू न्हाई म्हन. न्हाई म्हनलास तर न्हाई.”

खरं म्हणजे हरिओमला न्हाईच म्हणायचं होतं. हे गाणं त्याने याच खोलीत खताच्या पोत्यावर बसून लिहिलं होतं. त्यातला शब्द न् शब्द त्याचा होता. ते दुसऱ्याच्या तोंडून ऐकायचं म्हणजे आपल्या जिवंतपणी आपले कपडे वाटून टाकल्यासारखं. त्याला बबिताचा राग आला, बाईंचा आला, आणि सगळ्यात जास्त स्वतःच्या कानांचा आला.

“म्हन, बबे,” तो म्हणाला.

तिने बेस खाली ठेवली आणि डोळे मिटले.

‘पानी हाय, लाइट न्हाई, लाइट हाय, पानी न्हाई,
माजं मला कळंना, मी हितं हाय का न्हाई…’

बबिता कधी गात नसे. मागे उभी राहून बेस वाजवायची, कधी ओठ हलवायची, एवढंच. तिचा आवाज काही गोड नव्हता. किंचित घोगरा, पण पाऊल टाकील तिथे उभा राहणारा. पियानो आणि तो आवाज एका ताटात जेवायला बसले. हरिओमला ते पहिल्याच ओळीला कळलं. नऊ वर्षं आपण हेच ऐकायला धडपडत होतो, आणि ते आपल्या गळ्यातून येणार नव्हतं.

“सुंदर,” राजेश्रीताई म्हणाल्या, आणि लगेच कपाळाला हात लावला. “पण तो डीपीचा आवाज आत उतरतोय. हिच्या हळू ओळींत नुसता घूंऽऽ ऐकू येतोय. लाइट कधी जाते?”

“ह्या आठवड्यात दिवसाची हाय. पाचला जाती,” अंगद म्हणाला.

“माझी गाडी चारला.”

“लॅपटॉप लाइटशिवाय चालंल?” हरिओमने विचारलं.

“चालेल. बॅटरी आहे.”

त्याने गिटार भिंतीला टेकवली आणि चप्पल न घालता बाहेर पडला. खोलीला वळसा घालून तो डीपीपाशी आला, आणि खांबावरचं लाइन तोडायचं हँडल खाली ओढलं.

हुंकार थांबला. त्याबरोबर पाच शेतांतल्या मोटारी थांबल्या, आणि हळदीच्या रानात पहिल्यांदा पाखरांचा आवाज वेगळा ऐकू आला. तो खांबाला पाठ लावून उभा राहिला. चार मिनिटांचं गाणं. आत राजेश्रीताई काहीतरी म्हणाल्या, अंगदने काठ्यांवर चार मोजले.

दुसऱ्या ओळीला बांधावरून आबासाहेब आले, गुडघ्यापर्यंत चिखल आणि हातात फावडं.

“कोन हाय रे तिकडं? हँडल कुनी पाडलं?”

“मी पाडलं, आबा. चार मिंटं थांबा. पाया पडतो.”

“पानी निम्म्यात आलंय माझं! सर बाजूला.”

आबासाहेबांनी हात पुढे केला. हरिओमने मागे हात नेऊन हँडल दोन्ही मुठींत धरलं. म्हाताऱ्याच्या अंगात ताकद होती. त्यांनी खांद्याला धरून एकदा हिसडा दिलासुद्धा. मग ते थांबले. त्यांनी मान खोलीकडे वळवली आणि ते कान देऊन ऐकू लागले.

“रेडिओ हाय का?”

“न्हाई. आपली बबी म्हनायलीय.”

आबासाहेबांनी फावडं जमिनीवर टेकवलं. पागोट्याच्या टोकाने तोंड पुसलं. आत दुसरं कडवं सुरू झालं होतं.

“गानं तर तूच म्हनतूस ना रे?” ते हलक्या आवाजात म्हणाले, आतलं मोडू नये म्हणून. “मग तू हितं काय करायलास?”

अजून दोन मिनिटं बाकी होती, आणि हरिओमने हँडल सोडलं नाही.